तीनशे साठ फूट

मुख्य चित्रपटाआधी जाहिराती लागल्या, आणि त्यातल्या एकीत अंबिकाच्या वडिलांचं संगीत वाजलं. अलिबागच्या थेटरात रविवारी दुपारच्या खेळाला गर्दी नव्हती. पडद्यावर टक्कल पडत चाललेला एक कारकून चवड्यांवर चालत बायकोच्या फळीवरची तेलाची बाटली पळवायला निघाला होता. त्याच्या पावलांखाली चेलो वाजत होता. मांडीशी उभं धरून वाजवायचं ते मोठं, घोगऱ्या आवाजाचं व्हायोलिन. एक सूर, मग थांबणं. त्याच्या खालचा सूर, मग पुन्हा थांबणं. शेजारी बसलेली सगुणाबाई, अंबिकाच्याच शाळेतली शिक्षिका, तोंडाला पदर लावून हसली आणि म्हणाली, "अगदी आमच्याकडचं ध्यान. आमचे फक्त तेलाऐवजी लाडू पळवतात." अंबिकानं हसल्यासारखं केलं आणि खुर्चीचा हात धरून ती बसून राहिली. वडील जाऊन दीड महिना होत आला होता. घरात बसून भिंतींशी काय बोलतेस, म्हणत सगुणाबाईनं तिला ओढून आणलं होतं. कारकून बाटलीपर्यंत पोचला, बायकोनं त्याचा कान धरला, लोक हसले आणि जाहिरात संपून दंतमंजनाची सुरू झाली. पुढे अडीच तास चित्रपट चालला. त्यात कोणाचं कोणाशी लग्न झालं हे नंतर तिला सांगता आलं नसतं.

ते सूर तिला पाठ होते. दहा वर्षांपूर्वीच्या एका हिंदी चित्रपटात एक बाई मरते आणि गावकरी तिला नदीकाठी नेतात, त्या प्रसंगातले. चार मिनिटांत कोणी बोलत नाही, कोणी गात नाही; फक्त चेलो चालतो, आणि शेवटच्या सुरावर चिता पेटते. चार मिनिटं म्हणजे फिल्मचे तीनशे साठ फूट. त्यांच्या घरात वेळ फुटांतच मोजला जायचा. पपांना स्टुडिओतून प्रसंगांच्या लांब्या फुटांत मिळत, त्या फुटांचे ते मनाशी ठोके करत, आणि ती सवय स्वयंपाकघरापर्यंत आली होती. अंडं दोनशे सत्तर फूट उकळलं की पुरे, असं ते चुलीपाशी उभे राहून सांगत. त्यावर आई म्हणायची, "आणि तुमच्या आंघोळीला किती मैल लागतात तेही सांगा एकदा."

पपा, म्हणजे एत्तोरे बेल्लांदी, तीस सालच्या सुमाराला एका हॉटेलच्या बँडबरोबर मुंबईला आले होते. बँड परत गेला आणि ते राहिले, कारण विषमज्वरानं इस्पितळात पडले असताना त्यांना केसर भेटली. केसर थळच्या वाडीवाल्यांची मुलगी. लहानपणीच विधवा झालेली, म्हणून भावांनी नर्सिंग शिकायला मुंबईला पाठवलेली. तिनं गोऱ्या माणसाशी लग्न केलं तेव्हा भावांनी तोंड फिरवलं, आणि अंबिका जन्मल्यावर वाडीच्या कडेचं दोन खोल्यांचं घर देऊन तोंड निम्मं परत वळवलं. लढाईत पपांना इटालियन म्हणून छावणीत ठेवलं. सुटून आले तोवर हॉटेलांतले बँड आटले होते. सत्तेचाळीस साली त्यांना सिनेमाचं काम मिळालं. गाण्यांचे संगीतकार वेगळे, त्यांची नावं मोठ्या अक्षरांत. पपांकडे दोन गाण्यांच्या मधलं सगळं असे: दार उघडणं, घोडा धावणं, पाऊस, खून, पश्चात्ताप. त्यांचं नाव पडद्यावर येत नसे. एकदाच आलं, तेही 'बेलानी' असं, आणि त्यांना नवा आलेला सिंधी निर्वासित समजून एका सद्गृहस्थानं कल्याणच्या छावणीत कोण कोण ओळखीचं आहे म्हणून विचारलं होतं. पपांनी ते घरी आल्यावर इतक्या मजेत सांगितलं की त्यात वाईट वाटण्यासारखं काही असेल हे अंबिकाच्या तेव्हा लक्षातही आलं नाही. माझं संगीत कोणाच्या कानाला लागलं तर मी चुकलो, असं ते म्हणत. पुढे तिनं पुष्कळ वाचलं. नाव न झालेल्या कलावंतांबद्दलची पुस्तकंही वाचली. पण त्या सगळ्यांची नावं निदान त्या पुस्तकांत तरी होती.

थेटरातून बसनं थळला परतताना तिला राग आला नव्हता, हे तिचं तिलाच नवल वाटलं. चोरी झाली असं म्हणायला वस्तू आधी कोणाच्या तरी नावावर असावी लागते. तिला वाटत होतं ते निराळंच होतं. पाय ठेवायला गेलो आणि तिथली पायरी नाही, असं काहीतरी. कारण ती चार मिनिटं तिच्यापाशी नुसतं संगीत म्हणून नव्हती. आई गेली तेव्हा अंबिका सतरा वर्षांची होती. समुद्राकडच्या वाळूवर मामांनी सगळं केलं. पपा हातात टोपी घेऊन दूर सुरूच्या झाडांपाशी उभे होते, आणि त्यांच्या चेहऱ्यावर पाहुण्या माणसाची अदब होती, दुसरं काही नव्हतं. तिसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी विचारलं, मुंबईला जायला रेवसची लाँच किती वाजता. मोठी मावशी, गोदूमावशी, भाताचं पातेलं हातात तसंच धरून उभी राहिली. लाँचची वेळ कोणी सांगितली नाही. ते चालतच रस्त्याला लागले. त्यानंतर मावशी या घरात राहायला आली ती आलीच, आणि गेली दहा वर्षं महिन्यातून एकदा तरी ती म्हणे, "गोरा माणूस, दगड. माझी बहीण गेली आणि त्याच्या डोळ्याला टिपूस न्हाय आलं." अंबिका वाद घालत नसे. वाद घालायची तिला गरज नव्हती. आई गेल्यानंतर काही महिन्यांनी तो चित्रपट अलिबागला लागला होता आणि पपांनीच तिला नेलं होतं. बाईला नेताना चेलो सुरू झाला, आणि अंबिकाला शेजारी हालचाल जाणवली. पपांनी तोंडावर हात घट्ट दाबून धरला होता. त्यांचे खांदे हलत होते. ते वाकले होते, जवळजवळ पुढच्या खुर्चीला टेकले होते. तिनं त्यांचा दुसरा हात हातात घेतला. हळूहळू खांदे थांबले. बाहेर आल्यावर दोघं त्याबद्दल काही बोलली नाहीत. बोलण्यासारखं काय होतं? ज्या माणसाला रडता येत नाही त्यानं रडणं लिहून काढलं होतं, आणि ते पडद्यावर जाऊन परत त्याच्याच अंगावर आलं होतं. या एका दुपारीवर अंबिकानं वडिलांबरोबरची दहा वर्षं निभावून नेली. त्यांचं उशिरा येणं, दोनदोन दिवस न येणं, समोर ताट असताना दुसरीकडे बघणं, सगळं त्या दुपारीच्या खात्यात मांडलं, आणि खातं कधी रिकामं झालं नाही.

आता कारकून तिच्या डोळ्यांपुढून हलेना. वर्गात फळ्यावर लिहिताना, मुली मागे कुजबुजताना, तो चवड्यांवर यायचा. तिला त्रास याचा होत होता की तो विसंगत दिसत नव्हता. तिनं मनातल्या मनात परत परत चेलो लावून बघितला. आधी प्रेत न्यायची माणसं चालवून बघितली, मग कारकून चालवून बघितला. कारकून जास्त चांगला चालत होता. बुधवारी संध्याकाळी मावशी कोकमाची सोलं वाळत घातलेल्या सुपाशी बसली होती, तिनं विचारलं, "अंबू, तुला बरं न्हाय का?"

"बरी आहे."

"मग मीठ दोनदा कसं पडलं आमटीत?"

"मावशी, पपा रडले नाहीत असं तू म्हणतेस. तू सारखी थोडीच त्यांच्याजवळ होतीस?"

मावशीनं सुपातलं एक सोल उलटं केलं. "आता गेला तो. मी आता काय म्हणते का?" आणि दुसरं उलटं करत, "तूच इचारतेस."

रविवारी अंबिका कोर्लईला निघाली. पपांबरोबर बारा-तेरा वर्षं व्हायोलिन वाजवलेले पास्कल वेगास आता मुंबई सोडून तिथे आपल्या घरी राहत होते. पपा पहिल्यांदा त्यांच्याबरोबर कोर्लईच्या सणाला गेले, तेव्हा तिथल्या म्हाताऱ्यांची जुनी फिरंगी, पोर्तुगीज वळणाची बोली त्यांना निम्मीअर्धी समजली होती, आणि म्हाताऱ्यांनाही त्यांची. तेवढ्यावर ते नंतर दर वर्षी जात राहिले, आणि गेल्या महिन्यात तिथल्याच चर्चमागे त्यांना पुरलं. थळहून अलिबाग, अलिबागहून चौलच्या सुपारीच्या बागांमधून रेवदंडा, आणि पुढे खाडी ओलांडायला होडी. होडीत एका कोळणीच्या पाटीतल्या बोंबलांचं पाणी अंबिकाच्या चपलेखाली येत होतं. कोळीण म्हणाली, "पाय वर घे बाय, लुगड्याला वास येल." अंबिकानं पाय वर घेतले. चर्चवरून जाताना ती थांबली नाही. वडिलांना जे विचारायचं होतं ते आता तिथे विचारून उपयोग नव्हता.

पास्कल ओटीवर बनियनवर बसून रेडिओ दुरुस्त करत होते, म्हणजे त्याला थापट्या मारत होते. तिला बघून त्यांनी घाईनं सदरा चढवला. त्यांची बायको इस्तेला आतून आली, तिनं अंबिकाच्या गालाला हात लावला आणि ती चहा टाकायला गेली. पपांबद्दल थोडं बोलणं झालं. शेवटचं दुखणं, पायांची सूज. मग अंबिकानं जाहिरातीचं सांगितलं. ठरवलं होतं तसं, सरळ, आवाज न चढवता. पास्कल ऐकत गेले, आणि त्यांचा चेहरा उजळत गेला.

"चवड्यांवर चालतो? बाटली चोरायला?"

"हो."

"मग दहा वर्षांनी बरोबर जागी लागलं म्हणायचं," पास्कल म्हणाले आणि मांडीवर थाप मारून हसले. "बाय, ते कोंबडीचं म्युझिक हाय."

"कोंबडीचं?" अंबिकानं विचारलं.

"तुला ठाऊक न्हाय? मास्तर बोलला न्हाय कधी? अग, त्या पिक्चरमध्ये एक लठ्ठ खोत होता. त्याची कोंबडी सुटते आणि तो आपल्याच अंगणात तिच्या मागे असा, असा," पास्कल बसल्या जागी दोन्ही हात पुढे करून, खांदे चढवून चोरपावलांनी चालले. "त्याच्यासाठी लिहिलेलं. पावसाळ्यात केलं आम्ही. तुझी आई तेव्हा हिंडतीफिरती होती, तिनं पाठवलेले फणसाचे गरे खाऊन वाजवलंय. तारांना चिकट लागला म्हणून मास्तरच्या शिव्या खाल्ल्या मी. मग त्या खोताच्या नटाचं आणि प्रोड्युसरचं वाजलं, कोंबडीचा सीनच कापला. म्युझिक राहिलं डब्यात."

"पण ते त्या बाईच्या..."

"ऐक तर. पिक्चर लागायला आला आणि मरणाच्या सीनला म्युझिक न्हाय. मास्तर कुठे? थळला, तुझी आई..." ते जरा अडखळले. "तेच दिवस. त्याला बोलवणार कोण? असिस्टंट म्हणाला, सीन किती लांब? तीनशे साठ. फळीवर डबे लावलेले असतात, प्रत्येकावर लांबी लिहिलेली. आत काय हाय ते कोण लिहितो? तीनशे साठचा एकच डबा निघाला. मी बोललो, अरे ही कोंबडी हाय. तो बोलला, वेगास, लावून तर बघू. लावली. शेवटचा सूर आला आणि तिकडे चिता पेटली, फूटभर इकडेतिकडे न्हाय. हॉलचा शिपाई रडायला लागला. मग काय बोलणार?" पास्कलनी हात झटकले. "मास्तरला सांगायची छाती कोणाची होईना. तो तिकडे अलिबागला पिक्चर बघून आला आणि सोमवारी हॉलमध्ये शिरला तोच माझी कॉलर धरली. 'पास्कल, तू माझी कोंबडी सरणावर चढवलीस.' हसून हसून बेजार. थेटरात तर म्हणे जीव जायची पाळी आली. तोंड दाबून बसलो, म्हणाला, पण बाजूला मुलगी होती, तिला वाटलं मी रडतोय, तिनं हात धरला. मग कसं हसणार?"

इस्तेला चहा घेऊन दारात उभी होती. तिनं नवऱ्याकडे बघितलं आणि त्यांच्या बोलीत एकच शब्द म्हणाली. पास्कलनी रेडिओ सरकवून कपांना जागा केली. चहा आला, नारळाची वडी आली. अंबिकानं वडीचा तुकडा मोडला आणि बशीतच ठेवला. तिला वाटलं होतं की असं काही कळलं तर आत काहीतरी कोसळेल. तसं झालं नाही. नुसता थकवा आला, खूप वेळ जड पिशवी धरून उभं राहिल्यावर ती खाली ठेवली की हाताला येतो तसा. त्या अंधारात तिच्या हातात होता तो हसू आवरणाऱ्या माणसाचा हात होता. त्यानं तो सोडवून घेतला नव्हता. दहा वर्षांत एकदाही सांगितलं नव्हतं, अंबू, अग ती कोंबडी होती. तिच्यासाठी सांगितलं नव्हतं, की तेवढ्यात भागतंय म्हणून? आणि मग गोदूमावशीचंच खरं धरायचं का? दगड. अंगणातल्या जाळ्यावर एक मांजर बसलं होतं, इस्तेलानं त्याला हाकललं, ते उठलं नाही. अंबिकानं चहा संपवला. मग तिनं विचारलं. घरून निघताना हा प्रश्न तिच्यापाशी नव्हता.

"काका, आई गेल्यावर ते तिसऱ्या दिवशी मुंबईला आले. तेव्हा काय लिहिलं त्यांनी?"

"तेव्हा?" पास्कलनी बायकोकडे बघितलं. "राहू दे ना बाय. कामं असतात, ती करावी लागतात."

"सांगा."

"डान्स लिहिला. क्लबातला डान्स. पोरगी टेबलावर चढून नाचते, हातात ग्लास. दुसऱ्या कुठल्या तरी पिक्चरसाठी. चांगला होता, एक नंबर. पहिल्याच टेकला सगळे खूश. प्रोड्युसर बोलला, ओके, चला जेवायला. मास्तर बोलला, पुन्हा."

"का?"

"तेच तर. पुन्हा वाजवलं. बोलला, पुन्हा. ट्रम्पेटवाला बोलला, मास्तर, काय चुकलं ते तरी सांगा. सांगेना. नुसतं, पुन्हा. दुपार गेली. ट्रम्पेटवाल्याचा ओठ फाटला. प्रोड्युसर ओरडून ओरडून निघून गेला, त्याची माणसं गेली. आम्ही आपले वाजवतोय, पडद्यावर पोरगी नाचतेय टेबलावर, आणि हा ताल द्यायची काठी घेऊन उभा. मला कळेना. मी त्याच्याबरोबर इतकी वर्षं काढली, हा माणूस एका टेकमध्ये उरकणारा. शेवटी इकडे यायची, रेवसची लाँच सुटायची वेळ टळली, आणि यानं काठी खाली ठेवली. बोलला, झालं." पास्कलनी कपातला तळाचा चहा अंगणात फेकला. "दुसऱ्या दिवशी पण तेच. त्या महिन्यात सगळे कंटाळले त्याला. दोन कामं त्याच्यापायी हातची गेली. आम्ही आपसात बोलायचो, याला घरी जायचं न्हाय. दुसरं काही न्हाय, याला घरी जायचं न्हाय."

ऊन उतरून ओटीच्या पायरीवर आलं होतं. अंबिकाला त्या महिन्यातली संध्याकाळ आठवली. कुठली तरी एक नव्हे, सगळ्या मिळून एकच. सतरा वर्षांची ती पहिल्यांदाच स्वतः भाकऱ्या करत होती, त्या कडेला जाड होत. मावशी म्हणे, झाकून ठेव, तो न्हाय येत. ती झाकून ठेवी. रेवसहून येणारी शेवटची गाडी वाडीवरून पुढे जाई, थांबत नसे. सकाळी त्या भाकऱ्या गाईला घालताना तिला राग येई, तो तिनं नंतर थेटरातल्या दुपारीखाली पुरून टाकला होता. पपांना तिथे टेबलावरच्या नाचात जे चुकलेलं सापडत नव्हतं, ते घरी होतं, चुलीपाशी. रिकामी खुर्ची होती, आणि आईसारखाच पदर खोचून बसलेली मुलगी होती. ते आईसाठी रडले होते का, हा प्रश्न तिनं इतकी वर्षं सांभाळला होता. आता उत्तर आलं होतं, आणि त्याच्या आत ती स्वतः उभी होती. ते जिच्याकडे यायला धजत नव्हते ती. यावर रागवावं की नाही हे तिला कळेना. रागवायला लागते तेवढी ताकदही अंगात नव्हती. गेल्या दीड महिन्यात शाळा सुटल्यावर आपणही रोज वह्या तपासायच्या निमित्तानं शिपाई कुलूप घेऊन येईपर्यंत बसतो, हे तिच्या मनात आलं, आणि तिनं ते लगेच बाजूला सारलं.

"तो डान्स म्हणून दाखवता?" ती म्हणाली.

"आता?" पास्कल म्हणाले. "अग, क्लबातला हाय तो."

"असू दे."

त्यांनी इस्तेलाकडे बघितलं. तिनं खांदे उडवले आणि कपबश्या उचलल्या. पास्कलनी घसा साफ केला, रेडिओच्या लाकडावर बोटांनी ठेका धरला आणि गुणगुणायला सुरुवात केली. आधी लाजत, मग लाज विसरून. चाल उथळ होती, खोडकर होती, कमरेवर हात ठेवून डोळा मारणारी होती. दुःखाचा त्यात मागमूस नव्हता. अंबिकानं कान देऊन शोधला, कुठे एखादा सूर रेंगाळतो का, कुठे वाकतो का. कुठेच नाही. सुरुवातीपासून शेवटापर्यंत ती पोरगी टेबलावर नाचली आणि शेवटी तिनं ग्लास फोडला, तो पास्कलनी जिभेनं टाळूला टक् करून फोडला. शेजारच्या ओटीवरची म्हातारी मान वळवून बघू लागली.

"बाय," इस्तेला आतून म्हणाली, "होडी सुटेल तुझी. भरती लागली. मावशी वाट बघत असेल ना?"

"हो," अंबिका म्हणाली. ती उठली नाही. ती पास्कलना म्हणाली, "पुन्हा."

त्यांनी एकदा खाडीकडे बघितलं आणि ठेका धरला. या वेळी नीट म्हटलं, ट्रम्पेटच्या जागा गाल फुगवून काढल्या. पोरगी नाचली, ग्लास फुटला.

"पुन्हा."

पास्कलची बोटं लाकडावर थांबली. विचारलं तेव्हा त्यांचा आवाज अगदी खाली आला होता.

"काय चुकलं?"

"काही नाही," अंबिका म्हणाली. "पुन्हा."